आमचे हे आणि विलासरावांचा टॅबलेट

आमचे हे विम्याच्या ऑफिसातून निवृत्त झाले आणि माझं डायनिंग टेबल गेलं. त्यावर आता बंद पडलेले टीव्ही बॉक्स, टॅबलेट आणि वायरींचा गुंता असतो. आम्ही सोफ्यावर ताट मांडीवर घेऊन जेवतो. लातूर सोडून बदलीवर जयपूरला आलो, दुर्गापुऱ्यात फ्लॅट घेतला, मुलं पुण्याला गेली. मला वाटलं, आता तरी हा माणूस माझ्याशी चार शब्द बोलेल. कसलं काय.

बॉक्स चालू केला की कंपनीच्या नावावरच अडकून बसतो, अशी बहुतेक तक्रार असते. मग हे तो लॅपटॉपला जोडतात, मागच्या भोकात टूथपिक घालून आतलं बटण दाबून धरतात आणि बिघडलेला मूळ प्रोग्राम काढून नवा भरतात. त्याला म्हणे फर्मवेअर म्हणतात. मुरलीपुऱ्याचा दुकानदार ‘नागनाथजी, जरा फ्लॅश मार दो’ म्हणत पिशवीभर बॉक्स आणून टाकतो आणि हे हरखून जातात. हौसेला मोल नसतं, पण माझ्या टूथपिक संपतात त्याचं काय?

नवं भरण्याआधी लॅपटॉप विचारतो, जुनं सगळं पुसू का? हे दर वेळी ‘हो’ दाबतात. दूध घासलेल्या भांड्यातच तापवावं, असं वर मलाच ऐकवतात. उभ्या जन्मात भांडं घासलेलं नाही.

मागच्या महिन्यात आमचे स्नेही विलासराव आणि त्यांची बायको मंजुषा टॅबलेट घेऊन आले. विलासराव बँकेतले, एकेकाळी असे बोलके की चहा गार व्हायचा. घशाच्या कॅन्सरमध्ये स्वरयंत्र काढावं लागलं. ऑपरेशनच्या आधी त्यांनी रोजची वाक्यं आपल्याच आवाजात टॅबलेटवर बोलून ठेवली होती. पडद्यावरच्या एकेका चित्राला बोट लावलं की विलासराव बोलतात. दुसरीकडे कुठे त्याची प्रत नव्हती. त्या धावपळीत कुणाला सुचणार? आणि आता तो टॅबलेटही नावावरच अडकला होता.

मतलब, सगळं पुसलं गेलं तर विलासरावांचा आवाज या जगातून गेला.

यांनी टॅबलेट उघडला, आतल्या सर्किटच्या पट्टीवरचा नंबर वाचला, त्याचं फर्मवेअर शोधलं. मग लॅपटॉपने नेहमीचा प्रश्न विचारला आणि यांचा हात सवयीने ‘हो’कडे निघाला. मी मनगट धरलं. हे माझ्याकडे बघतच राहिले, मग हात मांडीखाली घेऊन बसले आणि म्हणाले, “विलासराव, तुम्हीच ‘नाही’ दाबा. मला माझ्या हाताचा भरवसा नाही.”

विलासरावांनी दाबलं. आम्ही चौघं लॅपटॉपवरच्या सरकत्या रेघेकडे बघत बसलो. रेघ भरली, टॅबलेट पुन्हा सुरू झाला, कंपनीचं नाव आलं, गेलं, आणि विलासरावांची सगळी चित्रं जागच्या जागी दिसली. मंजुषाने डोळ्याला पदर लावला. मलाही रडू आलं, खोटं कशाला बोलू.

विलासरावांनी हसत डाव्या कोपऱ्यातल्या कपबशीवर बोट ठेवलं. चहा मागायचा होता. टॅबलेट त्यांच्याच खणखणीत आवाजात म्हणाला, “मंजू, मला भीती वाटते.”

विलासरावांनी घाईघाईने पुन्हा कपबशी दाबली. पुन्हा तेच.

यांच्या लक्षात आलं आणि चेहरा उतरला. वेगवेगळ्या टॅबलेटच्या सर्किट-पट्ट्यांचे नंबर कधीकधी जवळपास सारखे असतात, यांनी दुसऱ्याच पट्टीचं फर्मवेअर भरलं होतं. त्यामुळे डावीकडे लावलेलं बोट टॅबलेटला उजवीकडे लागत होतं. उजव्या कोपऱ्यात चित्र नसलेला एक चौकोन होता. मंजुषा तो रिकामाच समजत होती. विलासरावांनी ऑपरेशनच्या आधी ते वाक्य बोलून तिथे ठेवलं होतं आणि तिच्यासमोर एकदाही दाबलं नव्हतं.

हे वरमून सांगत होते की चूक माझी, आधी तुमचा आवाज लॅपटॉपवर उतरवून घेतो, मग बरोबर फर्मवेअर टाकतो, चुटकीसरशी सरळ होईल. केबलकडे हातही गेला. मी डोळ्यांनीच दटावलं, तसे थांबले. एवढं तरी कळलं.

विलासराव मान खाली घालून बसले होते. मंजुषाने टॅबलेट त्यांच्या हातातून काढून टेबलावर ठेवला आणि त्यांचा हात आपल्या हातात घेतला.

“मलाही वाटते हो,” ती म्हणाली. “मग इतके दिवस नुसता चहाच काय मागत होता?”