फिजीची कोळंबी, हर्नडनची काळजी

आमच्या अमेरिकेतल्या हर्नडनच्या ऑफिसात किस्से शेवाळासारखे वाढतात. कुणी खतपाणी घालत नाही, तरी! माणसं इनमिन तीन: इथेच जन्मलेला बॉस कुणाल, नागपूरचा निखिल आणि मी. फिजीत कमला आंटींची सहकारी संस्था खारफुटी न तोडता, औषधं न मारता कोळंबी वाढवते. त्यांच्या तळ्यांवर आमचं सॉफ्टवेअर इथून लक्ष ठेवतं, तिथली यंत्रंही चालवतं. परवापर्यंत ट्रायल होती. आंटी नको म्हणाल्या असत्या तर प्रोजेक्ट बंद, माझी नोकरी गेली आणि तिच्यावर टेकलेला व्हिसाही. त्यात घरी दोन वर्षांची इरा. त्यामुळे काळजी हा माझा फुलटाइम जॉब, कोडिंग पार्टटाइम.

•

कोळंबी किती खाते ते बघायला तळ्यात एक ताटली सोडतात. ताटलीत खाद्य उरलं की आंटींना मेसेज जाईल, असं मी लावून ठेवलं. दिवसभर मेसेज! शेवटी त्यांचाच कॉल आला.

"बेटी, पेट भर गया होगा."

मी तेव्हा वरणभाताचा चमचा घेऊन इराच्या मागे सोफ्याभोवती फिरत होते. कॉलवर निखिलही होता. म्हणाला, "यार, तुझ्या घरी पण हाच अल्गोरिदम आहे."

•

एकदा कॅमेऱ्यात कोळंबी तळाशी निपचित दिसली, शेजारी रिकामी कवचं. वाढताना ती जुनं कवच टाकते हे मी वाचलं होतं. पण घाबरल्यावर मला वाचलेलं आठवत नाही. रोग आला म्हणून मी सगळ्यांना इमर्जन्सी मेसेज केला.

आंटींचं उत्तर आलं, "कपड़े बदल रही हैं। कैमरा हटाओ।"

•

पैसे गुंतवू पाहणाऱ्या एका पाहुण्यासाठी कुणालनं लंचला कोळंबी मागवली. पाहुण्यानं सहज विचारलं, तुम्हाला कशी लागते?

निखिल शाकाहारी. माझा श्रावण. कुणालला ॲलर्जी.

"वी आर टोटली अनबायस्ड," कुणाल म्हणाला.

•

आणि परवाची निर्णयाची मीटिंग. इथे संध्याकाळ, तिकडे सकाळ. पडद्यावर आंटी आणि त्यांची अख्खी कमिटी, मागे तळं. डेकेअर बंद, म्हणून इरा माझ्या मांडीवर. मी प्रेझेंटेशन देत होते, तेवढ्यात तिनं लॅपटॉपवर बोट ठेवलं. तिकडे पाण्यात हवा मिसळणारी चाकं थांबली. सगळीच!

पुढच्याच क्षणी कमिटीतल्या प्रत्येकाच्या खिशातल्या फोनवर आमच्या सिस्टमचा सायरन वाजायला लागला. आंटी उठल्या, दोघं तळ्याकडे धावले, चाकं पुन्हा फिरली. कोळंबीला काही झालं नाही. मी मात्र मनातल्या मनात पुण्याची तिकिटं काढून बॅगा भरल्या.

आंटी परत खुर्चीत बसल्या. कमिटीकडे एकदा बघितलं, सगळ्यांनी माना हलवल्या.

"सिस्टम रखेंगे," त्या म्हणाल्या. "ऐसा डेमो आज तक किसी ने नहीं दिया।"