म्हाताऱ्यांचा आवाज

आजोबांना 'आजोबा' हे नाव पडलं तेव्हा ते बत्तीस वर्षांचे होते, केस काळेभोर होते आणि लग्नही व्हायचं होतं. परभाषेतल्या सिनेमातल्या एका म्हाताऱ्याला आपल्या भाषेत आवाज द्यायला ठरलेला माणूस त्या दिवशी आला नाही. म्हणून डबिंग स्टुडिओत निरोप द्यायला आलेल्या यांनाच माइकसमोर उभं केलं. ते इतके झकास खोकले की पुढची चाळीस वर्षं प्रत्येक परका बाप, सासरा आणि खडूस न्यायाधीश यांच्याच तोंडून बोलला. आजवर ते एकशे बारा वेळा मेले होते. त्यातलं एक मरण पुन्हा करावं लागलं, कारण दिग्दर्शकाला ते उरकल्यासारखं वाटलं.

आता ते खरोखरच बहात्तरचे झाले होते. म्हणजे धंद्याला बरे दिवस यायला हरकत नव्हती. पण तीन वर्षांपूर्वी कानांनी दगा द्यायला सुरुवात केली. भारी आवाज येत; बारीक आवाज, दारावरची घंटी, शेजारणीचं हळू बोलणं, हे सगळं एकेक करून गेलं. शेजारीण गेली त्याचं आजोबांना फारसं दुःख झालं नाही.

त्यांनी हे कुणाला सांगितलं नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची. मुलगी दोन गल्ल्या पलीकडे राहायची आणि दर महिन्याला म्हणायची, "बाबा, एकटे कशाला राहता? माझ्याकडे या." आजोबा म्हणायचे, "काम आहे गं." या तीन शब्दांवर त्यांचं घर उभं होतं. काम सुटलं तर तिला सांगायला दुसरं काही उरणार नव्हतं.

डबिंगमध्ये कानाला हेडफोन असतो. त्यात मूळ भाषेतला संवाद येतो, त्याआधी टूं-टूं-टूं असे तीन ठोके पडतात आणि चौथ्या ठोक्याला बोलायचं असतं. ते टूं-टूं आजोबांना आता येत नसे. पण पडद्यावरच्या माणसाचे ओठ उघडले की बोलायचं आणि मिटले की थांबायचं, हे चाळीस वर्षांत अंगात मुरलं होतं. शिवाय हेडफोनची कळ शेवटपर्यंत पिरगाळली की मूळ संवादाची थोडी घरघर यायची. एवढ्यावर त्यांचं छान चाललं होतं.

मग तो बंगाली सिनेमा आला. बायको गेलेला एक बाप, तीन मुलं, आणि बापाने प्रत्येकाकडे चार-चार महिने राहायचं अशी वाटणी. बापाच्या चपलासुद्धा बिचाऱ्या कुठल्या घरी आहेत ते विसरायच्या. आजोबांनी दोन दिवसांत जवळजवळ सगळं काम उरकलं. दिग्दर्शक तिशीतला होता आणि कौतुक करताना हात जोडायचा. राहिला एकच प्रसंग. बाप खिडकीशी उभा राहतो, धाकट्या मुलाला काहीतरी सांगतो, आणि कॅमेऱ्याकडे त्याची पाठ असते. सव्वा मिनिट नुसती पाठ.

पाठीला ओठ नसतात.

पहिला टेक त्यांनी अंदाजाने मारला. काचेपलीकडे बसलेल्या रेकॉर्डिस्ट बाईंनी कपाळाला आठ्या घातल्या. दिवे लागले. बाई दारातून आत डोकावून, चांगल्या ठणठणीत आवाजात म्हणाल्या, "आजोबा, तुमच्या हेडफोनमधला बंगाली म्हातारा माइकमध्ये येतोय. दोघं एकदम बोलताहेत. आवाज जरा कमी करा."

आजोबांनी "हो हो" म्हणून कळ कमी केली. आता कानात नुसती शांतता होती. दिवे मालवले. बाप खिडकीशी उभा राहिला. आजोबांनी त्याच्या खांद्यांकडे पाहिलं. बोलायच्या आधी माणूस श्वास घेतो आणि खांदे केसभर वर जातात. खांदे वर गेले आणि आजोबा बोलू लागले.

"तू रागावू नकोस. मी तुमच्यापैकी कुणावर रागावलेलो नाही. फक्त मला एकदा विचारलं असतंत तर बरं झालं असतं."

ते अप्रतिम बोलले. खांदे पडले तिथे थांबले, पुन्हा उठले तिथे उचललं. शेवटचं वाक्य संपवून त्यांनी समाधानाने काचेकडे पाहिलं. दिग्दर्शक उभा होता आणि दोन्ही हात वर करून हलवत होता. दुसऱ्याच वाक्याला वीज गेल्यामुळे रेकॉर्डिंग बंद पडलं होतं; पडद्याची आणि हेडफोनची लाईन तेवढी वेगळी होती. तो एक मिनिट "थांबा, आजोबा, थांबा" असं हेडफोनमध्ये ओरडत होता.

दिग्दर्शक आत आला, आजोबांच्या समोर स्टुलावर बसला आणि सावकाश म्हणाला, "हा सिनेमा आपण पुरा करू. मी खुणेने सांगेन." पुढच्या सिनेमाचं तो काही बोलला नाही. आजोबांनीही विचारलं नाही. त्यांना लाज वाटली आणि खरं सांगायचं तर सुटल्यासारखंही वाटलं.

घरी न जाता ते सरळ मुलीकडे गेले. ती कपड्यांच्या घड्या घालत होती.

"काम सुटलं," ते म्हणाले. "मला ऐकू येत नाही. तीन वर्षं झाली."

तिने हातातला शर्ट खाली ठेवला. "माहीत आहे, बाबा."

"माहीत आहे?" आजोबा भडकले. "मग इतके दिवस बोलली का नाहीस?"

"बोलले होते. तीन वेळा बोलले." तिने त्यांच्याकडे पाहिलं. "तोंडावर सांगायचा धीर होत नव्हता. म्हणून तुम्ही पाठमोरे असताना सांगितलं."