भावजींच्या पोटावरचा नायटा

आमचे मोठे भावजी शिंपी. दुकानात लोण्यासारखे बोलतात, घरात कात्रीसारखे. पुतणीने मांजरी आणल्यापासून त्यांचा एकच धोशा होता, "केस कपड्यांना चिकटतात, हिला बाहेर काढा." त्यातच मांजरीच्या पायावरचे केस गोल चट्ट्यात गळले आणि पाठोपाठ भावजींनाही नायटा उठला. त्यांच्या हाती आयतंच कोलीत मिळालं.

"उद्या हे ध्यान घरात दिसता कामा नये."

पुतणी रडून लाल झाली. मीही देवापाशी मांजरीसाठी शब्द टाकला.

आज जाऊबाई आणि मी भावजींना त्वचेच्या डॉक्टरीणबाईंकडे घेऊन गेलो. त्यांनी शर्ट वर करायला लावला. पोटाच्या मधोमध दोन गोल चट्टे होते.

"मांजरीला जवळ कोण घेतं?" बाईंनी विचारलं.

"मुलगी," भावजी लगेच म्हणाले.

"तिला झालाय नायटा?"

"नाही."

"मग तुमच्या उघड्या पोटावर कोण झोपतं?"

भावजी भिंतीवरचा तक्ता वाचू लागले. जाऊबाई शांतपणे म्हणाल्या, "तरीच दुपारी जेवण झालं की खोलीला आतून कडी लागते."

आता औषध दोघांनाही चालू झालंय आणि मांजरीला घालवायचं नाव कोणी काढत नाही. तिने मलम चाटू नये म्हणून संध्याकाळी भावजी तिच्यासाठी कापडी कॉलर शिवायला बसले.

"हलू नकोस गं राणी, माप चुकेल," ते म्हणत होते.

जाऊबाई माझ्या कानाशी लागल्या, "माझं माप इतक्या मायेनं कधी घेतलं नाही हो."