कुंदाच्या अंगात देवी आली नव्हती

कुंदा सावे आमच्या तपासणी खात्यात पाऊल टाकायची आणि आधी रेडिओ बंद करायची. विचारणं नाही, हसणं नाही. बोईसरच्या कापड कारखान्यात आम्ही चौदा बायका दिवसभर ताग्यांतले दोष शोधायचो; तेवढी गाणी हाच काय तो विरंगुळा. सुपरवायझर म्हणून मी तिला झापलं, तर म्हणाली, "काम डोळ्यांनी करायचं ना? मंग कानांना कशाला तरास?"

मला ती मुळीच आवडत नसे. एडवण गावच्या बागायती वाडीवाल्यांची ही मुलगी, तिशी उलटलेली, दोन गाड्या बदलून कामावर यायची. कानात कापूस. जेवायला सायकल स्टँडच्या मागे, कारण कँटीनमध्ये ताटं आपटतात. आम्ही तिला तोंडावर महाराणी म्हणायचो. तिने तपासलेल्या ताग्यात मात्र कधी दोष निघाला नाही, आणि ते आम्हाला जास्तच झोंबायचं.

एकदा डोक्यावरची ट्यूब सकाळपासून फडफडत होती. दुपारी कुंदाचे हात चालता चालता थांबले. मी दोन हाका मारल्या; ती बघत होती, पण उत्तर नाही. थोड्या वेळाने आपणहून माझ्या टेबलाशी आली. "मॅडम, लई आवाज-उजेड झाला की मी लांब जाते. तुमी दिसता, बोलता ते कळतं, पन हात नि जीभ माझी वाटत नाय. तवा मला हात लावू नका. गप सोडा, दहा मिन्टांत येते." मी "बरं" म्हटलं. मनात म्हटलं, कामचुकारपणाला बरी सबब शोधलीस.

खंडेनवमीला कारखान्यात यंत्रांची पूजा असते. शेडमध्ये स्पीकर, ताशा, लुकलुकत्या माळा, डोळे चुरचुरतील एवढा धूप. सकाळीच कुंदा आली. "पूजेच्या आदी जाऊ द्या. रजा लावा माझी."

"तुझ्यासाठी देवाला मुका करू का?" मी म्हणाले. "शेठ येणार आहेत. सगळ्यांनी हजर राहायचं."

आरती सुरू झाली आणि ती खांबासारखी ताठ झाली. डोळे उघडे, पापणी हलत नाही. नवमीचा दिवस, मग काय विचारता. कुणीतरी म्हणालं, "देवी आली," आणि बायकांनी तिची वेणी सोडली, कपाळभर कुंकू फासलं. देवीने बोलावं म्हणून ताशेवाल्याला तिच्या कानाशी आणून उभं केलं. एकजण तिला आपल्या सुनेला दिवस कधी जातील ते विचारू लागली. एवढ्यात एक फिटर पायातली चप्पल काढून धावला, "फिट आया है, सुंघाओ." देवीच्या नाकाला चप्पल लावतो म्हणून बायका त्याच्यावर तुटून पडल्या. आम्ही अकलेचे असे दिवे पाजळत होतो.

यातल्या एकालाही काही माहीत नव्हतं. मला माहीत होतं. "बाजूला व्हा, आवाज बंद करा," एवढं म्हटलं असतं तरी पुरे होतं. मी कंबरेवर हात ठेवून म्हणाले, "नाटकं आहेत सगळी."

कुणीतरी तिला बसवायला दंडाला धरून ओढलं. तिने असा काही हिसडा दिला की आरतीचं ताट शेठच्या पायावर पडलं. शेठ भडकले. "ये क्या है?"

खरं बोलले असते तर रजा का दिली नाही, हेही मला सांगावं लागलं असतं. मी म्हणाले, "हिला नेहमी फिट येते, शेठ." संध्याकाळी तसा रिपोर्ट लिहून सही केली. फिट येणाऱ्या माणसाला यंत्रांजवळ ठेवत नाहीत. कुंदाचं काम गेलं.

आठ दिवसांनी ती गेटवर उभी होती, हातात पालघरच्या डॉक्टरांचा कागद. ही फिट नव्हे, बाई स्वमग्न (ऑटिस्टिक) आहे, आवाज-उजेडाचा भार झाला की तिचं असं होतं, असं त्यात लिहिलं होतं. ऑफिसने तिला सांगितलं होतं, मॅडमनी रिपोर्ट बदलून दिला तर बघू.

"आता बरी आहेस ना?" मी विचारलं.

"मी तवा सगळं ऐकत होते, मॅडम. तुमी शेठला काय बोललात तेपन." आवाज चढलेला नव्हता. "तुमाला एकटीलाच म्हाईत होतं. शेठ आता वर बसलेत. जाऊन सांगा, मी हितं थांबते."

जिना चार पावलांवर होता. मी म्हणाले, "आज नको गं, उद्या सांगते."

ती पाच वाजेपर्यंत गेटवर उभी होती. मी मागच्या दाराने घरी गेले. दुसऱ्या दिवशीही मी काही सांगितलं नाही. आजवर नाही.