सईचा अर्थ

२०१७ साली माझ्या धाकट्या भावाला मुलगी झाली आणि आत्या म्हणून नाव ठेवायचा मान माझ्याकडे आला. मी डहाणूला हायस्कूलमध्ये मराठी शिकवत होते. त्या दिवसांत मोबाइलवर नावांचं नुसतं पीक आलं होतं. कोणी कायरा पाठवायचं, कोणी मायरा, आणि प्रत्येक नावाचा अर्थ 'सूर्याचा पहिला किरण' नाही तर 'देवाची देणगी'. मी शब्दकोश उघडून एकेक अर्थ खोटा पाडायचे आणि नातेवाइकांच्या ग्रुपवर टाकायचे. लोक वैतागायचे. मला मात्र त्यात भारी मजा यायची.

भाचीसाठी मी असं नाव निवडलं की कुणाला बोट ठेवायला जागा राहू नये. सई. म्हणजे सखी, मैत्रीण. जात्यावरच्या ओव्यांतला शब्द. घरातले सगळे कोश पाहिले, कॉलेजात मला शिकवलेल्या बाईंना पुण्याला फोन करून विचारलं. भावजयीला मात्र सांगितलं नाही. बारशापर्यंत नाव गुपित ठेवायचं, असं मीच ठरवून टाकलं होतं.

भावजय गुजरातच्या सीमेजवळच्या उधव्याची. माहेरी गुजराती बोलतात, आणि वडिलांचं शिलाईचं काम. स्थळ आलं तेव्हा "टेलरची मुलगी?" म्हणून नाक मुरडणारी पहिली मीच होते. ते तिच्या माहेरीही पोचलं. असल्या बोलण्याला पाय फुटतातच.

बाळंतपण आमच्याकडेच झालं होतं. बारशाला तिच्या वडिलांनी बाळंतविडा आणला. झबली, कुंची, दुपटी, सगळं स्वतः शिवलेलं. आमच्या आईनंसुद्धा तोंडभरून कौतुक केलं. मग 'गोविंद घ्या, गोपाळ घ्या' झालं. मी पाळण्यात वाकून बाळाच्या कानात कुर्र केलं, पाठीत धपाटे खाल्ले आणि मोठ्या दिमाखात जाहीर केलं, "सई!"

भावजयीची मावशी खुदकन हसली. "सई? अमारे त्यां तो सई एटले दरजी!"

दरजी म्हणजे शिंपी. आपण काय बोललो हे मावशीच्याही लगेच लक्षात आलं, कारण तिकडची सगळी माणसं माझ्याकडे आणि मग भावजयीच्या वडिलांकडे बघायला लागली होती. ते मान खाली घालून बसले होते. "अहो, मराठीत सई म्हणजे मैत्रीण," मी वर्गात सांगते तशी सांगायला गेले आणि बोलता बोलताच कळलं की कुणाचाही विश्वास बसत नाहीये. बसावा तरी का? माझी करणी त्यांना ठाऊक होती. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तिचे वडील हळूच म्हणाले, "सारुं नाम छे. चांगलं नाव आहे." मग हातातला पेढा तसाच ताटलीत ठेवून ते उठले.

पाहुणे गेल्यावर मी भावजयीच्या खोलीत गेले. ती बाळाला पाजत होती.

"अगं, नाव बदलू या. तुझी शपथ, मी मुद्दाम नाही ठेवलं."

"मला ठाऊक आहे, ताई."

मला केवढं हायसं वाटलं! मी तिचा हात धरायला गेले. तिनं तो काढून घेऊन बाळाचं दुपटं सारखं केलं.

"बाजारात तुम्ही गुजरातीत भाव करता," ती म्हणाली. "मला मात्र या घरात मराठीच बोल म्हणून सांगितलंत. बोलले. नावासाठी पार पुण्याला फोन केलात आणि मी तर इथे शेजारच्या खोलीत होते."

"आपण नाव बदलू या," मी पुन्हा म्हटलं.

"राहू दे हेच नाव. बाबांची समजूत मी काढते," ती म्हणाली. "मुद्दाम ठेवलं असतंत तर निदान आमची आठवण तरी झाली असती तुम्हाला."