उष्टावणाचा चमचा

मी शंकेखोर आहे. दूध बोटावर घेऊन बघितल्याशिवाय पातेल्यात ओतू देत नाही, आणि भाव आपणहून कमी करणाऱ्या भाजीवाल्याकडून काही घेत नाही. सासरी, धारला, या स्वभावाची सगळ्यात जास्त टिंगल माझा धाकटा दीर करायचा. तो पीथमपूरला कारखान्यात पाळीवर जाई. आमचे हे देवासच्या शाळेत शिकवतात, शनिवारी घरी येतात. त्यामुळे एरवी घरात सासूबाई, दीर आणि मी.

एका श्रावणात सुट्टीच्या दिवशी तो मित्रांबरोबर मांडूच्या डोंगरात फिरायला गेला आणि संध्याकाळी रुमालात अळंबी बांधून घेऊन आला. पांढरीशुभ्र, टपोरी. मला ती बघताक्षणीच आवडली नाहीत. जंगलातली वस्तू आणि इतकी नटलेली कशाला असावी?

"कोणी ओळखली ही?" मी विचारलं.

"वहिनी, सगळेच तोडत होते. तुम्ही तर प्रसादावर भी शक करता."

"बाकीच्यांनी खाल्ली?"

"आता खातील ना. मी काय घरोघरी जाऊन बघू?"

सासूबाई चातुर्मासात कांदा-लसूणही खात नाहीत, पण मुलाचं मन त्यांच्याने मोडवत नसे. शिवाय आमच्या घरात अळंबीची परीक्षा ठरलेली. सरदारांच्या पदरी होतो तेव्हापासूनची, असं सांगतात. अळंबी नुसत्या पाण्यात उकळायची आणि त्यात चांदीचा चमचा सोडायचा. काळा पडला तर विष. हा चमचा घरातल्या प्रत्येक मुलाच्या उष्टावणाचा. दिराला पहिला भात त्यानंच भरवलेला.

सासूबाईंनी देठांच्या बुडाचे मातीनं माखलेले गड्डे अंगणातच कापून टाकले. मातीचं काही चुलीपाशी आणायचं नाही हा त्यांचा नेम. मग चमचा उकळत्या पाण्यात सोडला आणि थोड्या वेळानं चिमट्यानं वर काढला. त्यांच्या डोळ्यांत मोतीबिंदू.

"बघ गं, काळा पडलाय का?"

मी खिडकीशी नेऊन उलटासुलटा करून पाहिला. लख्ख होता. तसं सांगितलं, आणि तरीही मी खाणार नाही, हेही सांगितलं. दीर हसला. भाकरीबरोबर सगळी भाजी त्यानं एकट्यानं संपवली, वर पातेलं पुसून खाल्लं.

रात्रभर त्याला काहीच झालं नाही. म्हणून दुसऱ्या दिवशी सकाळी उलट्या आणि जुलाब सुरू झाले तेव्हा सासूबाईंनी दोष मांडूला खाल्लेल्या भुट्ट्यांना दिला. जवळच्या दवाखान्यात सलाईन लावलं. मी अळंबीचं सांगितलं, पण इतक्या उशिरा त्रास झाला म्हणजे दुसरंच काहीतरी असणार, असं तिथे म्हणाले. माझ्या मनाला ते पटलं नाही.

त्यानंतरच्या सकाळी तो उठून बसला. चहा मागितला. कामाचा शर्ट स्वतः इस्त्री केला. सासूबाईंनी देवापुढे साखर ठेवली. माझी शंका मात्र गेली नाही. एवढा पिळून निघालेला माणूस असा टवटवीत उठतो कसा?

"इंदूरला मोठ्या दवाखान्यात दाखवू या," मी म्हटलं.

"वहिनी, आता बरा झालो तर त्याच्यावर भी शक?"

"हो. त्याच्यावरच."

सासूबाई चिडल्या. "चांगलं झालेलं तुला बघवत नाही का? चमचा तू स्वतः पाहिलास ना?" मी दारात आडवी उभी राहिले. त्यानं मला हळूच खांद्याला धरून बाजूला केलं आणि शिफ्टच्या बसला गेला.

संध्याकाळी मित्रांनी त्याला धरून घरी आणलं तेव्हा डोळे पिवळे झाले होते. त्याला इंदूरला नेताना मी अंगणातले ते गड्डे पिशवीत भरून बरोबर घेतले. प्रत्येक गड्ड्यात देठ जणू लहानशा पातळ खोळीतूनच वर आला होता. तिथल्या डॉक्टरांनी विषारी अळंबीची ती खूण ओळखली आणि मान खाली घातली. "ये बीच का अच्छा दिन ही धोखा देता है," ते म्हणाले. तेवढ्या वेळात विष आत यकृत पोखरत असतं, उकळून ते मरत नाही, आणि चांदीला ते कळतही नाही. आमचे हे देवासहून पोचले तेव्हा दीर कोणाला ओळखत नव्हता. तो परत आला नाही.

माझी शंका खरी ठरल्याचा मला इतका राग येतो की सांगता येत नाही. मित्रांपैकी एकानंही ती अळंबी खाल्ली नव्हती. एकाच्या बायकोनं तर नुसतं बघून फेकून दिली.

सासूबाई आता फार बोलत नाहीत. मधूनच विचारतात, "चमचा काळा नव्हता ना पडला?" मी म्हणते, "नव्हता, आई." मग त्या देव्हाऱ्याखालच्या डबीतून तो काढतात, डोळ्यांशी नेतात, बोटांनी चाचपतात आणि परत ठेवतात. डॉक्टरांचं बोलणं मी त्यांना कितीदा तरी सांगितलंय. पण सासूबाई चमच्यालाच विचारतात.

चांदी पावसाळ्यात आपोआप काळवंडते. विषात राहून लख्ख राहिलेला तो चमचा डबीत नुसता पडून काळा पडायला लागलाय. हे त्यांच्या अधू डोळ्यांना दिसलं तर त्या दिवशीही तो काळाच होता आणि आपण पोराला वाढलं, असं त्या धरून बसतील. म्हणून त्या झोपल्या की मी डबी उघडते आणि रांगोळीनं तो घासून परत पांढरा करून ठेवते.