कप्तानची नोकरी

मुलगी पायडल मारतेय आणि मुलगा मागे कॅरियरवर बसलाय, अशी आमच्या वस्तीत एकच सायकल होती. पायडल मारणारी कप्तान, मागे बसणारा मी. चंद्रपूरबाहेर कोळसा खाणीला चिकटलेली ती वस्ती. पोरं दात काढायची. ती म्हणायची, "हसू दे. त्याइले कोणी बसवत नाई म्हणून हसून राह्यले."

कबड्डीच्या संघाची कप्तान, म्हणून ते नाव. घरीही तीच कप्तान. बापाचा दमा, दवाखाना, टँकरवरची भांडणं, सगळं तिच्याकडे. बारावीत मला तिच्याशिवाय काही सुचत नव्हतं. ती वही मागेल म्हणून मी भूगोल सुवाच्य अक्षरात लिहायचो.

त्याच वर्षी त्यांचं शेत खाणीत गेलं. शेत गेलं की घरातल्या एकाला खाणीत नोकरी मिळते. पोरगा नसेल तर आमच्याकडे बाप जावई शोधतो आणि नोकरी त्याच्या नावावर करतो. कप्तानला भाऊ नव्हता. तिच्या बापानं माझ्या बाबांना विचारलं, आमच्या घरी पेढे वाटले गेले. मी तर हवेतच होतो.

दुसऱ्या दिवशी तिनं नाल्याजवळ सायकल थांबवली. "लगन तुह्यासंगच करीन. पण नोकरी माह्या नावानं. त्या शेतात मी राबली. तुले चालते म्हणून माह्या बापाले सांग, तुहं ऐकते तो."

मी काय बोललो, ते लिहायची आजही लाज वाटते. "लोक काय म्हनतीन? बायको खाणीत अन् मी घरी?"

ती भांडली नाही. "मंग तुले मी नाई, माहं शेत पाह्यजे," म्हणाली आणि मला तिथंच सोडून गेली.

तिनं घरी मला नकार दिला. नाही म्हणायची मुभा तिला तेवढी एकदाच मिळाली. महिन्याभरात बापानं मूल गावचा मुलगा जावई म्हणून आणला. आज तो खाणीत हजेरी घेणारा बाबू आहे, मी तिथंच ठेकेदाराचा मजूर. तेलही गेलं, तूपही गेलं. आणि कप्तान क्वार्टरमध्ये त्याचा डबा भरते.

गेल्या उन्हाळ्यात तिचा बाप वारला, तेव्हा भेटायला गेलो. ती चहा देत होती. मी हळूच म्हणालो, "चुकलं माहं."

"त्याचा मले राग नाई," ती म्हणाली. "नवऱ्याले तर मी नोकरीचं विचारलंबी नाई. तो नाईच म्हनन, हे ठाऊक होतं. तू हो म्हनशीन, असं वाटलं होतं."